उ: दुहेरीत वय झाकलं जातं

'टेनिसच्या दुहेरीत अर्धंच कोर्ट सांभाळायचं असतं, म्हणून रोहन बोपण्णा त्रेचाळिसाव्या वर्षीही टिकला' हे या चर्चेतलं म्हणणं मला अर्धवट वाटतं. धावपळ कमी, हे मान्य. पण सर्व्ह केल्या केल्या पुढे यायचं, नेटजवळ पार खाली वाकून व्हॉली उचलायची (म्हणजे टप्पा पडायच्या आधीच चेंडू मारायचा), हा सगळा भार गुडघ्यांवरच येतो ना! आणि त्याच्या गुडघ्यांतली कूर्चा, म्हणजे हाडांमधली मऊ गादी, झिजून गेली होती. वेदनाशामक गोळ्या घेत खेळायचो, असं त्यानेच सांगितलंय. २०२१ मध्ये तर खेळ सोडायचा विचार त्याच्या मनात होता.

इथे कुणी लिहिलं नाही ते हे, की त्याला सावरलं ते अय्यंगार योगाने, आपल्या पुण्यात वाढलेल्या पद्धतीने. दोर, पट्टे, ठोकळे यांचा आधार घेऊन एकेका आसनात बराच वेळ थांबायचं. सांध्यांवर धक्का नाही आणि मांडीचे स्नायू भक्कम होतात. माझ्या आईचे गुडघे याच सरावाने बरेच सुधारले, त्यामुळे मला याचं फार अप्रूप आहे. पुढे जानेवारी २०२४ मध्ये जोडीदार मॅथ्यू एब्डनसोबत ऑस्ट्रेलियन ओपन जिंकली आणि दुहेरीत अव्वल क्रमांक मिळवणारा सर्वांत वयस्कर खेळाडू तो ठरला.