‘डोनर’ला दाता म्हणायचं का?

कोशकीटक: किडनीच्या बेकायदा धंद्यावरची एक हिंदी मालिका आहे. फारशी कुणी पाहिली नाही, पण तपशिलाला पक्की. मराठी उपशीर्षकांत एक वाक्य अडलंय. दलाल फोनवर म्हणतो, ‘डोनर तैयार है।’ ‘दाता’ करावं तर पैसे ठरलेत, मग दान कुठलं? ‘विक्रेता’ करावं तर दलाल आपणहून गुन्हा कबूल करतो. वाक्य पडद्यावर जेमतेम दोन सेकंद दिसतं.

कलमबहाद्दर: कायदाच बघा. 1994च्या मानवी अवयव प्रत्यारोपण कायद्यात डोनर म्हणजे 18 वर्षं पूर्ण झालेली, स्वेच्छेने अवयव काढू देणारी व्यक्ती. पैशांचा विषय येतो कलम 19 मध्ये, आणि तिथे क्रियापद बदलतं: मोबदल्यासाठी अवयव ‘पुरवणं’. 2011च्या दुरुस्तीनंतर त्याला 5 ते 10 वर्षं कैद आणि 20 लाख ते 1 कोटी दंड आहे. म्हणजे ‘पुरवठादार’.

रोखठोक: पुरवठादार तर दलाल झाला! त्याच्या तोंडी ‘डोनर’च राहू द्या. कागदावर त्याला नातं उभं करायचंय, म्हणून तो तोच साळसूद शब्द वापरणार. सख्खा भाऊ दाखवला तर एचएलए चाचणीत, म्हणजे रक्ताचं नातं ताडणाऱ्या जनुकीय जुळणीत, बिंग फुटू शकतं. नवरा-बायको दाखवले तर त्या चाचणीचा उपयोग नाही, म्हणून तर प्रत्यारोपणाला परवानगी देणारी समिती लग्नाचा दाखला, लग्नातला फोटो, मुलांचे जन्मदाखले मागते.

देशीवाणी: ‘देणारा’ का नको? मराठीत ‘देणं’ दानाचंही असतं आणि विकत, भाड्यानेही देतात. ‘देणारा मिळालाय.’ संदिग्धता राहते आणि संस्कृतचा सोवळेपणाही जातो.

कोशकीटक: आवडलं. पण त्या प्रसंगात बाई आहे. ‘देणारी’ म्हटलं की प्रेक्षकाला आधीच कळतं, आणि पुढच्या प्रसंगाचा धक्काच जातो. ‘डोनर’ला लिंग नाही.

धातुपाठ: ‘प्रत्यारोपण’ही तपासा. कानाला ते आरोप-प्रत्यारोपांतलं वाटतं, आणि मूळ एकच: ‘रुह्’, म्हणजे वाढणं, चढणं. त्याचं प्रयोजक रूप ‘रोपणं’. दोष दुसऱ्यावर चढवला तो आरोप. साधं ‘रोपण’ पुरे होतं.

देशीवाणी: लोक ‘किडनी बसवली’ म्हणतात. ते का खटकावं?

शल्यकोश: बसवणं चालेल, ‘काढणी’ नको. इंग्रजीतही डॉक्टरांनी ‘हार्वेस्ट’ हा पिकाचा शब्द मागे टाकलाय. जिवंत माणसाची बहुधा डावी किडनी काढतात, कारण तिची नीला, म्हणजे रक्त परत नेणारी शीर, लांब असते आणि जोडायला सोपी जाते. एवढ्या नाजूक कामाला उसाची तोडणी, भाताची काढणी शोभत नाही.

रोखठोक: मग ‘तस्करी’सुद्धा टाका. ‘तस्कर’ म्हणजे मुळात चोर.

धातुपाठ: मुळात होता. आज मराठीत तस्कर म्हणजे चोरटी आयात-निर्यात करणारा. व्युत्पत्तीने शब्द बांधून ठेवता येत नाही.

शल्यकोश: वाद अर्थाचाच आहे. तस्करी म्हटलं की बर्फाची पेटी डोळ्यांपुढे येते. थंड ठेवलेली किडनी 24 तास, कधी त्याहून जास्त टिकते, हे खरं. पण या धंद्यात किडनी सहसा शेजारच्या शस्त्रक्रियागृहापर्यंतच जाते. गावाहून शहरात आणतात तो माणूस. उपशीर्षकात ‘अवयवांची तस्करी’ लिहिलं की तोच दिसेनासा होतो.

कोशकीटक: मग त्या माणसाला काय म्हणायचं?

धातुपाठ: त्याआधी किडनीला ‘मूत्रपिंड’ म्हणायचं की ‘वृक्क’ ते ठरवा.