शब्दचर्चा: बीजगणितातला ‘आयडियल’ म्हणजे आदर्श की गुणजावली?

प्रश्न

अमूर्त बीजगणितावरचा काही मजकूर मराठीत आणतो आहे. ग्रुपसाठी गट, रिंगसाठी वलय, फील्डसाठी क्षेत्र हे शब्द मिळाले. ‘आयडियल’पाशी अडलो. आधी ‘आदर्श’ लिहिलं. पण पुढे ‘शून्य आदर्श’, ‘उचित आदर्श’, ‘मूळ आदर्श’ अशी पदं तयार व्हायला लागली आणि गणिताऐवजी नीतिशास्त्र वाचतो आहोत असं वाटू लागलं. हिंदीत ‘गुणजावली’ असा शब्द दिसला. तो मराठीत चालेल का? की सरळ ‘आयडियल’च ठेवावं?

उत्तर

‘आदर्श’ नकोच. तो कानाला खटकतो हे खरंच, पण मोठी अडचण अर्थाची आहे.

मराठीत आदर्श म्हणजे ज्याच्याकडे बघून आपण वागावं असा नमुना. आदर्श शिक्षक, आदर्श वसाहत, अमक्याचा आदर्श डोळ्यांसमोर ठेवणं. भौतिकशास्त्रात ‘आदर्श वायू’ म्हणतात ते योग्य आहे, कारण वायूचे नियम तंतोतंत पाळणारा वायू असाच तिथे अर्थ आहे. बीजगणितातल्या आयडियलमध्ये असा चांगुलपणा, परिपूर्णता, अनुकरणीयता काहीही नाही. हा शब्द मुळात कुठून आला ते पाहिलं की गफलत लक्षात येते.

एर्न्स्ट कुमर हे जर्मन गणिती १८४०च्या दशकात एकाची मूळं (ज्यांचा कुठला तरी घात १ येतो अशा संख्या) घेऊन बनवलेल्या संख्यांवर काम करत होते. आपल्या नेहमीच्या पूर्णांकांत कुठलीही संख्या मूळ संख्यांच्या गुणाकारात एकाच प्रकारे फुटते. ६० म्हणजे २ × २ × ३ × ५, दुसरा मार्ग नाही. कुमर यांच्या संख्यांत हे २३ या मूळ संख्येपाशी, म्हणजे एकाची २३वी मूळं घेतली की, पहिल्यांदा मोडतं. तिथे एकच संख्या दोन वेगवेगळ्या प्रकारे फुटते, आणि दोन्हीकडचे तुकडे आणखी फुटत नाहीत. कुमर म्हणाले, तुकडे खरं तर आणखी फुटतात, पण ज्यांत फुटतात ते अवयव आपल्या संख्यांच्या जगात हजर नाहीत. हजर असलेल्या संख्यांना त्यांनी ‘खऱ्या’ म्हटलं आणि या गैरहजर अवयवांना ‘इडेआल’. म्हणजे केवळ विचारात असलेले, प्रत्यक्षात हाती न लागणारे. जर्मनमधल्या या विशेषणाचा इथला अर्थ ‘वास्तव’च्या विरुद्ध आहे. ‘उत्तम’ हा त्याच शब्दाचा दुसरा अर्थ, आणि ‘आदर्श’ लिहिताना आपण नेमका तो उचलतो.

कुमर यांनी रसायनशास्त्राचा दाखला दिला होता, तो मला फार आवडतो. त्या काळी फ्लोरिन कुणाला वेगळा काढता आला नव्हता. तो फक्त संयुगांत भेटायचा. तरी तो आहे असं धरून रसायनशास्त्रज्ञ हिशेब करत, आणि हिशेब जुळत. कुमर यांचे अवयव तसेच: एकटे कधी दिसत नाहीत, पण दिसणाऱ्या संख्यांच्या वागण्यात त्यांचा माग लागतो. पुढे १८८६ मध्ये आंरी म्वासाँ यांनी फ्लोरिन वेगळा काढला, तेव्हा कुमर हयात होते.

आता कुमर यांच्या विशेषणाचं नाम कसं झालं ते. १८७१ मध्ये जर्मन गणिती रिचर्ड डेडेकिंड यांनी डिरिख्ले यांच्या संख्या-सिद्धांतावरील व्याख्यानांच्या दुसऱ्या आवृत्तीला एक पुरवणी जोडली, तीत ‘इडेआल’ हे नाम पहिल्यांदा येतं. डेडेकिंड यांची युक्ती थोडक्यात अशी: गैरहजर संख्या दाखवता येत नाही ना, मग राहू दे. तिने ज्यांना भाग जातो त्या सगळ्या संख्या तर हजर आहेत! त्यांचाच संच करू आणि त्या संचालाच ती संख्या मानू. कुमर यांच्या ‘इडेआल संख्यां’वरून त्यांनी या संचाला नाव दिलं.

हे शाळेतल्या मसाविवरून सगळ्यांत चांगलं समजतं. १२ आणि १८ घ्या. १२ला कुठल्याही पूर्णांकाने गुणा, १८ला कुठल्याही पूर्णांकाने गुणा, दोन्ही मिळवा. अशा रीतीने मिळणाऱ्या सगळ्या संख्या लिहून काढल्या तर त्या म्हणजे ०, ६, −६, १२, −१२, १८… बरोबर ६चा पाढा, दोन्ही दिशांना. (६ स्वतः १८ − १२ मधून येतो.) आणि ६ हाच १२ व १८ यांचा मसावि. पूर्णांकांत असा कुठलाही संच घ्या, तो कुठल्या तरी एका संख्येचा पाढाच निघतो. त्यामुळे तिथे आयडियल हा शब्द वापरून फारसं काही कमावल्यासारखं वाटत नाही.

खरी गंमत पुढे आहे. अ + ब√−५ या रूपाच्या संख्या घ्या, अ आणि ब पूर्णांक. इथे

६ = २ × ३ = (१ + √−५) × (१ − √−५)

हे चारही अवयव पुढे फुटत नाहीत. का, तेही पाहू. अ + ब√−५ हिच्याशी अ² + ५ब² ही संख्या जोडा. दोन संख्यांचा गुणाकार केला की या जोडलेल्या संख्यांचाही गुणाकार होतो. २शी जोडलेली ४, ३शी ९, उरलेल्या दोघींशी ६. यांतली कुठलीही फुटायची तर २ किंवा ३ जोडलेली संख्या लागेल, आणि अ² + ५ब² कधीच २ किंवा ३ होत नाही.

आता विचारा: २ आणि १ + √−५ यांचा मसावि काय? संख्यांत शोधलं तर १. पण मघासारखी रीत लावा: २ला काहीही गुणा, १ + √−५ला काहीही गुणा, मिळवा. १ येतच नाही. काय येतं? ज्यांत अ आणि ब दोन्ही सम किंवा दोन्ही विषम आहेत अशा सगळ्या संख्या. कागदावर आडवा अ, उभा ब घेऊन ठिपके काढून बघा: बुद्धिबळाच्या पटावरची फक्त काळी घरं भरतात. हा पाढा कुणाचा तरी आहे, पण ज्या संख्येचा आहे ती पटावर नाही. हा संच म्हणजे तो हरवलेला मसावि. शिवाय या संचाला स्वतःने गुणलं (आतल्या दोन-दोन संख्यांचे गुणाकार घेऊन त्यांच्या बेरजा केल्या) की बरोबर २चा पाढा मिळतो, म्हणजे २ इथे एका गैरहजर संख्येचा वर्ग आहे. ३ही तसाच दोन गैरहजर अवयवांत फुटतो. मग ६ची दोन रूपं आपसात जुळतात: ३६ = ४ × ९ = ६ × ६ यात जसं २, २, ३, ३ हेच चार अवयव वेगळ्या जोड्या करून बसलेत, अगदी तसं.

हे ध्यानात घेतलं की ‘गुणजावली’ हा शब्द किती बरोबर आहे ते कळतं. गुणज म्हणजे गुणून जन्मलेला, जसा जलज, अंडज. आवली म्हणजे ओळ, मालिका, जशी दीपावली, नामावली. गुणजांची आवली म्हणजे पाढा. डेडेकिंड यांनी जे केलं तेच हा शब्द बोलतो: संख्या नाही, पण तिचा पाढा आहे. मूळ जर्मन नावातही एवढं सांगितलेलं नाही. मराठी शाळेत ‘गुणज’पेक्षा ‘विभाज्य’ किंवा ‘पट’ जास्त चालतात हे खरं. पण तत्सम शब्द आहे, एकदा फोड करून दाखवली की विसरत नाही. माझं मत गुणजावलीला.

‘कल्पित’ हा पर्याय मीही एकदा मनात घोळवला होता, कारण कुमर यांच्या अर्थाच्या तो जवळचा आहे. पण कल्पित संख्या हे नाव √−१च्या कुळाला आधीच गेलंय. घोळ होईल.

त्यावर शंका

गुणजावली ऐकल्यावर एकाच कुणाचे तरी गुणज असं वाटतं. संख्यांत ठीक आहे, तिथे निदान हरवलेली संख्या आहे. पण क्ष आणि य या दोन चलांच्या बहुपदी घ्या. क्ष आणि य यांनी तयार होणारा आयडियल म्हणजे ज्यांत स्थिरपद नाही अशा सगळ्या बहुपदी. हा कुठल्याही हरवलेल्या बहुपदीचा पाढा नाही. मग नाव खोटं ठरत नाही का? आणि नाव अर्थाला चिकटून असायलाच हवं असा आग्रह तरी का? ‘क्षेत्र’ला तरी गणितातल्या अर्थाशी काय घेणंदेणं?

उत्तर

पहिला मुद्दा वजनदार आहे. तिथे लपलेली संख्या नाहीच. तिथे लपलेला आहे एक बिंदू. क्ष = ०, य = ० ठेवल्यावर ज्या शून्य होतात त्या सगळ्या बहुपदी, म्हणजे आरंभबिंदूवर विझणाऱ्या. भूमितीकडे जाणारा रस्ता इथूनच निघतो.

तरी नाव खोटं ठरत नाही, कारण व्याख्येतच गुणज आहेत. वलय म्हणजे पूर्णांकांसारखी, बेरीज, वजाबाकी, गुणाकार करता येणारी व्यवस्था. त्या वलयातला एक संच. आतल्या दोघांची बेरीज-वजाबाकी आतच राहते. आणि आतल्या कुणालाही वलयातल्या कुणीही गुणलं तरी गुणाकार आतच येतो. ही शेवटची अट म्हणजे ‘जो आत आला त्याचे सगळे गुणज आत’. याच अटीने गुणजावली उपवलयापासून, म्हणजे वलयाच्या आतल्या लहान वलयापासून, वेगळी पडते. परिमेय संख्यांत पूर्णांक हे उपवलय आहेत, पण गुणजावली नाहीत, कारण १ला अर्ध्याने गुणलं की बाहेर पडलो. उलट पूर्णांकांत सम संख्या बघा: सम गुणिले काहीही, सम. शून्यासारखंच वागणं झालं हे. म्हणूनच गुणजावलीतल्या सगळ्यांना शून्य मानून नवं वलय बांधता येतं. ६च्या पाढ्याला शून्य मानलं की ६ने भागून उरणाऱ्या बाक्यांचं अंकगणित मिळतं.

जिथे गुणाकाराचा क्रम बदलून चालत नाही तिथे तर हा शब्द फारच सोयीचा पडतो. डावीकडून गुणलेले गुणज आत असतील तर डावी गुणजावली, उजवीकडून असतील तर उजवी. ‘डावा आदर्श’ म्हणून बघा, लगेच राजकारण डोकावतं.

आता क्षेत्र. तुम्ही म्हणता ते बरोबर, तो शब्द इंग्रजी ‘फील्ड’वरून आला, आणि फील्ड हे नाव ई. एच. मूर यांनी १८९३ मध्ये वापरलं. डेडेकिंड यांचा शब्द होता ‘क्योर्पर’, म्हणजे शरीर. फ्रेंचमध्येही ‘कोर’, शरीरच. बेरीज, वजाबाकी, गुणाकार, भागाकार या चारही क्रियांनी एकजीव झालेली व्यवस्था, म्हणून शरीर. (क्षेत्र आणि क्षेत्रज्ञ या आपल्या जुन्या जोडीत क्षेत्र म्हणजे शरीरच. फिरून तिथेच आलो, याचा मला आनंद होतो.) वलयही तसंच: हिल्बर्ट यांनी १८९७ मध्ये ‘त्साल-रिंग’ म्हटलं, त्यातलं ‘रिंग’ आपण कड्यासारखं घेतलं. तेव्हा नाव अर्थाला चिकटूनच हवं असं मी म्हणत नाही. क्षेत्र, वलय, गट हे शब्द वाचणाऱ्याला काहीच सुचवत नाहीत, म्हणून व्याख्या शांतपणे स्वीकारता येते. आदर्श मात्र चुकीचं सुचवतो. ‘महत्तम आदर्श’ वाचणारा विद्यार्थी मनात सर्वोच्च ध्येय घेऊनच पुढे सरकतो, आणि शिक्षकाला आधी ते खाली उतरवावं लागतं.

महत्तमवरून एक सावधगिरी सांगायची राहिली. पाढ्यांच्या जगात लहान-मोठं उलटं होतं. १२चा पाढा ६च्या पाढ्यात बसतो, ६चा ३च्या पाढ्यात. संख्या लहान, तर गुणजावली मोठी. महत्तम गुणजावली म्हणजे जिच्याहून मोठी फक्त आख्खं वलयच. पूर्णांकांत त्या मूळ संख्यांच्या गुणजावल्या निघतात. एमी नोएदर यांच्या १९२१च्या लेखातली चढत्या साखळीची अट हीच दिशा धरून आहे: गुणजावल्या एकीत एक वाढत्या घेत गेलात तर कुठे तरी थांबावंच लागतं. पूर्णांकांत ते उघड आहे, कारण विभाजक लहान-लहान होत कुठवर जाणार? मराठीत लिहिताना ‘चढती’ कशाची ते पहिल्याच वाक्यात सांगा, नाहीतर वाचक संख्या चढत्या समजतो.

लिंग आणि वाचन

‘आयडियल’च ठेवायचं ठरवलंत तरी व्याकरणाचा प्रश्न सुटत नाही. जर्मनमध्ये तो नपुंसकलिंगी. मराठीत ‘हा आयडियल’ आणि ‘हे आयडियल’ अशी दोन्ही रूपं लिहिता येतात. अनेकवचन मग ‘दोन आयडियल’ की ‘दोन आयडियलं’ असा घोटाळा होतो. मी बोलताना पुल्लिंगी वापरतो. गुणजावलीला ही भानगड नाही: ती गुणजावली, त्या गुणजावल्या, गुणजावलीचा, गुणजावल्यांची बेरीज. सामान्यरूपं सहज होतात.

मजकुरात पहिल्यांदा येईल तिथे ‘गुणजावली, म्हणजे इंग्रजीत आयडियल’ एवढं लिहा आणि पुढे बिनधास्त गुणजावली वापरा. जोडपदांपैकी शून्य गुणजावली, मूळ गुणजावली, महत्तम गुणजावली सरळ बसतात. एकाच घटकापासून होणाऱ्या गुणजावलीला मी ‘एकजनित’ म्हणेन. इंग्रजी ‘प्रिन्सिपल’वरून ‘प्रमुख’ म्हटलं की बाकीच्या दुय्यम वाटतात, आणि तसं काही नाही. आणि (२, १ + √−५) हे मोठ्याने वाचायचं झालं तर: दोन आणि एक अधिक वर्गमूळ उणे पाच, यांनी जनित गुणजावली.