कथेसाठी मदत हवी: काळ न शिवणारा लेप

देवगिरीची लेक:
दिवाळी अंकासाठी कथा लिहितेय. यादवकाळातला एक रससिद्ध, म्हणजे किमयागार, असा लेप करतो, की तो ज्याला लावाल त्याला काळ शिवत नाही. लाकूड किडत नाही, लोखंड गंजत नाही. पारा-गंधक सगळेच वापरतात. मला आपल्या रानातलं साहित्य हवंय. सुचवाल का?

पोथीवाला:
आयती कृती आहे! वराहमिहिराच्या 'बृहत्संहिते'त (६वं शतक) वज्रलेप दिलाय. कच्ची टेंभुर्णी, कच्चं कवठ, सावरीची फुलं, सालईच्या बिया, धामणीची साल, वेखंड. द्रोणभर (पानाचा द्रोण नव्हे, जुनं मोठं माप) पाण्यात उकळून आठवा हिस्सा उरवायचा. मग राळ, गुग्गुळ, बोळ, बिब्बा, जवस, बेल वाटून घालायचे आणि गरम असतानाच मूर्तीला, भिंतीला, विहिरीला लावायचं. टिकणार किती? १ कोटी वर्षं!

मीनाताई:
मी जुन्या दगडी मूर्तींच्या जतनाचं काम करते. ही कृती थोतांड नाही. जवसाचं तेल हवेतला ऑक्सिजन घेऊन चिवट होतं, राळ पाणी अडवते. बिब्ब्याने मात्र कातडीवर फोड येतात, काळे डाग पडतात. तुमच्या रससिद्धाचे हात तसे दाखवा.

पण लेप बाहेरचं पाणी अडवतो तसं आतलंही अडवतो. एका देवळातल्या द्वारपालाच्या गुडघ्यावर कुणी ऑइलपेंट चोपडला होता. पापुद्रा उचलला, तर मागे दगडाचं पीठ! ओल आत कोंडली, क्षारांचे खडे धरले आणि त्यांनी दगड फोडला. म्हणून तुमचा लेपही आतलं काही बाहेर सोडत नाही, असं करा. घंटेला लावला तर नाद गेला. बियाण्याला लावला तर ते किडणार नाही, पण रुजणारही नाही. कथा तिथेच आहे, असं मला मनापासून वाटतं.

चंद्रभागा:
२०२० मध्ये पंढरपूरला विठ्ठल-रखुमाईला वज्रलेप झाला, तो हाच का?

मीनाताई:
नाव तेच, पण आता आधुनिक रसायनं असतात. कोटी वर्षांचा प्रश्नच नाही, पुन्हा पुन्हा करावा लागतो.

देवगिरीची लेक:
बियाणं घेतलं! दुष्काळाचं वर्ष आहे आणि गावाचं बियाणं त्याच्याकडे ठेवायला दिलंय. फक्त लेप कोणत्या महिन्यात करतो, ते सांगा.

पोथीवाला:
सावर माघ-फाल्गुनात फुलते, तोवर कवठ पिकायला लागतं. कच्ची कवठं आधीच फोडून वाळवून ठेवायला लावा त्याला.