मदत हवी आहे: निवेदनाशिवाय माहितीपट जोडायचा कसा?

नमस्कार मंडळी. बाजार समितीतल्या कांदा लिलावाचं चाळीसेक तासांचं चित्रण करून बसलोय आणि आता संकलनात पुरता अडकलोय. खूळ डोक्यात घातलं अमेरिकी माहितीपटकार फ्रेडरिक वाइजमन यांनी. मूळचे वकिलीचे शिक्षक, १९६७ मध्ये मॅसॅच्युसेट्सच्या ब्रिजवॉटरमधल्या मनोरुग्ण कैद्यांवर पहिला माहितीपट केला आणि तिथल्या कोर्टाने त्याचं जाहीर प्रदर्शन १९९१ पर्यंत अडवलं. मुलाखत नाही, निवेदन नाही, वरून चढवलेलं संगीत नाही. ध्वनिमुद्रण स्वतः करायचे, कॅमेरा दुसऱ्याकडे. बोस्टन महापालिकेवरचा २०२० चा माहितीपट तर साडेचार तासांचा!

माझ्याकडे एक हमाल गोणीवर बसून बिडी पेटवतो, मागे बोली चढत जाते, तो वळूनही बघत नाही. दीड मिनिट. मला तो तुकडा सोडवत नाही, पण बायको म्हणते, "यात घडतंय काय?" (तिचंही बरोबर असेल.)

निवेदनाशिवाय प्रसंगांचा क्रम कसा लावता? आधी एकेक प्रसंग पक्का करायचा की कागदावर आराखडा? आणि वाइजमन यांचे माहितीपट भारतात रीतसर कुठे बघायला मिळतील? फुकट डाउनलोडच्या लिंका नकोत, प्लीज.