मालदीवसारख्या लहान देशाने बीच गेम्सला संघ पाठवावा का?

खारावारा (धागाकर्ता)

परवा मित्रांच्या गप्पांत आशियाई बीच गेम्सचा, म्हणजे किनाऱ्यावरच्या खेळांच्या आशियाई स्पर्धेचा विषय निघाला आणि एकजण म्हणाला, "मालदीवचा संघ तिथे जाऊन करतो काय? हरायचंच असेल तर घरी बसून पैसे वाचवावेत." मला हे अजिबात पटलं नाही. तिथे वाद अर्धवट राहिला, म्हणून इथे मांडतो.

२०२२च्या जनगणनेनुसार मालदीवची लोकसंख्या ५ लाख १५ हजार. म्हणजे कोल्हापूर शहराएवढा देश. परदेशी कामगार वगळले तर चार लाखही भरत नाहीत. हा देश १९८८च्या सोलपासून ऑलिंपिकला जातो आहे आणि अजून एकही पदक नाही. आशियाई स्पर्धेत चीन, जपान, कोरिया, भारत यांच्या मोठाल्या पथकांपुढे हे मूठभर खेळाडू कुणाला दिसतही नाहीत.

वाळूवरच्या खेळांत संघ लहान असतात, हा माझा पहिला मुद्दा. बीच व्हॉलीबॉलला दोघं पुरतात. बीच हँडबॉलमध्ये गोलकीपर धरून चार, बीच सॉकरमध्ये पाच. बीच कबड्डीत मैदानावर सातऐवजी चार. थोड्या माणसांत चांगला संघ उभा राहू शकतो. वानुआतू बघा. प्रशांत महासागरातला जेमतेम तीन लाख वस्तीचा देश. २०१८च्या गोल्ड कोस्ट राष्ट्रकुल स्पर्धेत मिलर पाटा आणि लिनलाइन मातौआतू यांनी बीच व्हॉलीबॉलचं कांस्य जिंकलं. २०२२ला बर्मिंगहॅममध्ये पाटाने शेरिसिन टोकोला जोडीला घेऊन पुन्हा कांस्य मिळवलं. इतर कुठल्या सांघिक खेळात तीन लाखांचा देश लागोपाठ दोनदा पदक घेईल?

मालदीवने जावं, आणि दर वेळी जावं, असं माझं मत आहे.

लेखाजोखा

तुमची तळमळ समजते, पण आकडेमोड मान्य नाही. "कमी माणसं, म्हणून वाळूवरचे खेळ" हे तुमचं सूत्र. मग फुटबॉलचं काय? मालदीवने दक्षिण आशियाई देशांचा सॅफ करंडक दोनदा जिंकलाय, २००८ला आणि २०१८ला. दोन्ही वेळा अंतिम सामन्यात भारताला हरवून! १४० कोटींच्या देशाला चार लाखांच्या देशाने अकरा विरुद्ध अकरा खेळून हरवलं. तेव्हा संघ मोठा की लहान याने फारसा फरक पडत नाही. तिथल्या पोरांना फुटबॉलचं वेड आहे, घरोघरी आहे, म्हणून ते जिंकले.

वानुआतूची पदकं राष्ट्रकुल स्पर्धेतली आहेत, बीच गेम्समधली नव्हेत. त्यामागे एकाच खेळावर, त्यातही महिलांच्या संघावर, वर्षानुवर्षं लक्ष देणं आहे. बीच गेम्सला जाणाऱ्या लहान पथकांत नेमकं तेच नसतं. चार खेळांत नावं द्यायची, महिनाभर सराव करायचा आणि विमानात बसायचं.

तिसरी गोष्ट म्हणजे या स्पर्धांचा भरवसा. बाली २००८, मस्कत २०१०, हायांग २०१२, फुकेत २०१४, दा नांग २०१६. इथवर दर दोन वर्षांनी नेमाने. त्यानंतर चीनमधल्या सान्याला २०२०मध्ये व्हायचे होते, ते पुढे ढकलत ढकलत २०२६वर गेले. जागतिक बीच गेम्सची गत याहून वाईट. सॅन दिएगोने २०१९चं यजमानपद सोडलं, म्हणून ते दोह्यात झाले. २०२३चे बालीत होते, ते महिनाभर आधी रद्द झाले, कारण सरकारी निधीच आला नाही. आपल्या दक्षिण आशियाचे बीच गेम्स २०११ला श्रीलंकेत हंबनटोटाला झाले, तेवढेच. ज्या मुलीने सतराव्या वर्षी सान्यासाठी तयारी सुरू केली, तिला तेविसाव्या वर्षापर्यंत थांबायला लावणारी ही स्पर्धा आहे. मोठ्या देशातल्या खेळाडूला दुसऱ्या दहा स्पर्धा असतात. मालदीवच्या मुलीला काय आहे?

तालीम

मी कोल्हापूरचा, कुस्तीतला माणूस. समुद्र वर्षातून एकदा, तोही गणपतीपुळ्याला. त्यामुळे भीत भीतच लिहितो.

"बेटांचा देश, म्हणजे वाळूवर त्यांचाच जोर" असं बरेच जण धरून चालतात. तसं नसतं. बीच कुस्तीत सात मीटर व्यासाचं वाळूचं रिंगण, तीन मिनिटांची लढत, बूट नाहीत, जो आधी तीन गुण घेईल तो जिंकला. यात २०१६ला दा नांगमध्ये आणि २०१९ला दोह्यात सुवर्ण कुणी घेतलं? पाकिस्तानच्या मुहम्मद इनाम बट्टने. गुजरांवालाचा गडी. तिथून समुद्र शेकडो कोस. पण गुजरांवाला हे पैलवानांचं गाव, पिढ्यान् पिढ्या आखाड्याची माती अंगाला लागलेली. मातीत पाय रोवायची सवय असली की वाळूत तोल सांभाळता येतो.

आपल्याकडेही तेच. जानेवारी २०२४मध्ये दीवला बीच गेम्स झाले, त्यात सर्वसाधारण विजेतेपद मध्य प्रदेशाला. २०२५ला त्याच दीवच्या घोघला किनाऱ्यावर खेलो इंडियाचे बीच गेम्स झाले, पहिलं मणिपूर, दुसरा महाराष्ट्र. मध्य प्रदेशला समुद्र नाही, मणिपूरलाही नाही. आपल्याला एवढी किनारपट्टी असून आपण मागे. किनारा असून उपयोग नाही, कसून घेणारा वस्ताद लागतो. तो मालदीवकडे असेल तर त्यांनी जरूर जावं.

दक्षिणवारा

मी मालदीवमध्ये एका लहान बेटावर शाळेत शिकवत होते. वर बरंच बरोबर लिहिलं गेलंय, पण तिथली एक गोष्ट इथे कुणाच्या ध्यानात येणं अवघड आहे. तिथल्या माणसाला वाळू मिळतच नाही.

सुमारे बाराशे बेटं, त्यांतली दोनशेच्या आत वस्तीची. सगळी जमीन मिळून ३०० चौरस किलोमीटरसुद्धा नाही. फोटोत दिसतात ते पांढरे किनारे बहुतेक रिसॉर्टच्या बेटांवरचे. एक बेट म्हणजे एक रिसॉर्ट, अशीच तिथली रीत. स्थानिक माणूस तिथे जातो तो नोकरीला. राजधानी माले दोन चौरस किलोमीटरच्या आसपास, इमारतीला इमारत लागलेली, कडेने लाटा अडवायला काँक्रीटचे टेट्रापॉड. पोहायला, खेळायला जो किनारा आहे तो भराव घालून केलेला. नावच 'आर्टिफिशियल बीच'. मालेतल्या पोराला वाळूवर खेळायचं तर आधी जागेसाठी भांडावं लागतं.

बेटांवर मात्र संध्याकाळी वेगळंच चित्र असतं. मुलं फुटबॉल नाहीतर व्हॉलीबॉल खेळतात. बायका बाशी खेळतात. एका बाजूची बाई जाळीकडे पाठ करून टेनिसच्या रॅकेटने चेंडू मागे उंच उडवते आणि पलीकडच्या अकराजणी तो हातांनी झेलायला धावतात. काय चपळाई असते त्या बायकांची! दिवसभर घरकाम, मासळी सुकवणं, आणि संध्याकाळी अशी धाव. त्यांच्या मुलींना बीच हँडबॉल शिकवायला किती वेळ लागेल? माझ्या मते फार नाही. पण एका बेटावरून दुसऱ्यावर जायचं म्हणजे बोट, भाडं, हवामान. राष्ट्रीय शिबिर मालेत भरतं आणि लांबच्या बेटावरची मुलगी त्यात पोचतच नाही.

म्हणून मी पाठवा म्हणते. बीच गेम्सला संघ पाठवायचा ठरला की सराव कुठे करायचा हा प्रश्न सरकारपुढे येतो, आणि तेव्हाच एखाद्या वस्तीच्या बेटावर खेळाडूंसाठी वाळूचा पट्टा राखून ठेवण्याची भाषा सुरू होते. एरवी तो पट्टा गेस्ट हाउसला जातो.

लेखाजोखा

दक्षिणवाराताई, तुमचं शेवटचं वाक्य माझ्याच बाजूचं आहे. पट्टा राखायचा तर मुलांसाठी राखा, शाळेसाठी राखा. त्याला परदेशातल्या स्पर्धेचं निमित्त कशाला हवं?

मस्कतकर

निमित्त लागतंच, लेखाजोखा. मी ओमानमध्ये बरीच वर्षं आहे, इथलं उदाहरण देतो.

२०१०चे दुसरे आशियाई बीच गेम्स इथे झाले. त्यासाठी मस्कतपासून तासाभरावर, बातिना किनाऱ्यावर, अल मुसन्ना इथे क्रीडानगरी बांधली, बोटींसाठी मरीना केली. गेम्स आठ-नऊ दिवसांत संपले, मरीना राहिली. एप्रिल २०२१मध्ये टोकियो ऑलिंपिकसाठी शिडाच्या बोटींची आशियाई पात्रता फेरी तिथेच झाली, आणि आपले विष्णू सरवणन, नेत्रा कुमणन, गणपती-ठक्कर जोडी तिथूनच ऑलिंपिकला गेले. विष्णू आपल्या मुंबईच्या आर्मी यॉटिंग नोडचा, म्हणजे लष्कराच्या शिडाच्या बोटींच्या केंद्राचा. म्हणजे बीच गेम्ससाठी बांधलेल्या मरीनाचा फायदा दहा वर्षांनी भारतालाही झाला. बीच सॉकरमध्ये तर ओमान विश्वचषकापर्यंत गेलाय, एकदा नव्हे, अनेकदा.

आणखी एक. पहिल्या पाच गेम्सपैकी चार वेळा यजमान देशच पदकतक्त्यात पहिला आला. दा नांगला व्हिएतनामने ५२ सुवर्णं घेतली, कारण आपल्या हातखंड्याचे मार्शल आर्ट्सचे प्रकार भरपूर ठेवले होते. अपवाद फक्त मस्कतचा, तिथे थायलंड पहिला. ओमानने पदकांपेक्षा किनाऱ्यावर काय उरेल याचा विचार जास्त केला असं मला वाटतं, आणि त्याचा मला या देशात राहणारा म्हणून अभिमान आहे.

लेखाजोखा

ओमानकडे तेल आहे आणि ते यजमान होते. इथे प्रश्न पाहुणा म्हणून जाणाऱ्या देशाचा आहे. पाहुण्याच्या हाती मरीना लागत नाही. आणि यजमान आपल्या सोयीचे खेळ ठेवतो हे तुम्हीच सांगितलंत. मग मालदीवच्या मुलीने कशाच्या भरवशावर सराव करायचा? या वेळी असलेला खेळ पुढच्या वेळी नसेल.

मी काय करावं तेही सांगतो, नुसता नकार देत नाही. मालदीवने सर्फिंग आणि खुल्या समुद्रातलं पोहणं धरावं. लाटा त्यांच्या, पाणी त्यांचं, दोन्ही खेळ ऑलिंपिकमध्ये. २०२४ची आशियाई सर्फिंग स्पर्धा त्यांनी थुलुसधू बेटावर भरवलीसुद्धा. आणि धावपटू हसन साईदने २०१९च्या काठमांडूच्या दक्षिण आशियाई स्पर्धेत शंभर मीटरचं सुवर्ण घेतलं, त्याच्यामागून येणाऱ्या पोरांसाठी ट्रॅक आणि प्रशिक्षक द्यावा. एका माणसावर नीट खर्च केला की असं होतं.

अनघा_हँडबॉल

इतका वेळ नुसतं वाचत होते, पण मुलींचा विषय निघाला म्हणून लिहिते. मी जिल्हा पातळीवर हँडबॉल खेळले आहे.

बीच हँडबॉल हा वेगळाच खेळ आहे. हवेत गिरकी घेऊन मारलेल्या गोलला दोन गुण, गोलकीपरने केलेल्या गोललाही दोन. दहा-दहा मिनिटांचे दोन डाव, बरोबरी झाली तर शूटआउट. धक्काबुक्की कमी, उडी आणि नजर जास्त. लहान चणीच्या मुलींना इनडोअरमध्ये जे जमत नाही ते इथे जमतं. आपल्या मुलींनाही, मालदीवच्या मुलींनाही.

अडथळा होता तो कपड्यांचा. २०२१ला नॉर्वेच्या मुलींनी युरोपियन स्पर्धेत बिकिनीऐवजी शॉर्ट्स घातल्या म्हणून त्यांना १५०० युरो दंड झाला. जगभर संताप झाला आणि काही महिन्यांत आंतरराष्ट्रीय महासंघाला नियम बदलावा लागला. व्हॉलीबॉलने तो आधीच, २०१२ला, सैल केला होता. म्हणून तर रिओ ऑलिंपिकमध्ये इजिप्तची दुआ अल्घोबाशी हिजाब आणि लांब बाह्या घालून खेळू शकली. मालदीव हा मुस्लिम देश आहे. जिथल्या आया पूर्ण कपड्यांत बाशी खेळतात तिथल्या मुलींना इतकी वर्षं वाळूवरच्या खेळाचं दार फक्त चड्डीच्या मापामुळे बंद होतं. ते आता कुठे उघडलंय, आणि तुम्ही म्हणता जाऊ नका, सर्फिंग करा! लेखाजोखा, सर्फबोर्डची किंमत बघा. एका बोर्डाच्या पैशात अख्ख्या गावाला पुरतील इतके चेंडू येतात.

खारावारा

अनघाताई, हे कपड्यांचं माझ्या डोक्यातही आलं नव्हतं, फार महत्त्वाचं लिहिलंत.

लेखाजोखा, "या स्पर्धा कुठेच पोचत नाहीत" हा तुमचा सूर आता जुना होत चाललाय. बीच हँडबॉल २०१८च्या युवा ऑलिंपिकमध्ये होता. सेनेगलमधल्या डकारच्या २०२६च्या युवा ऑलिंपिकच्या कार्यक्रमात बीच हँडबॉल आणि बीच कुस्ती दोन्ही आहेत. किनाऱ्यावरचं रोइंग (वल्ह्यांच्या बोटींची शर्यत) तर २०२८ला थेट लॉस एंजेलिसच्या ऑलिंपिकमध्ये येतंय. पंधरा-सोळा वर्षांच्या पोरांना आज वाळूवर तयार केलं तर पुढचं दार समोर आहे.

तालीम

बीच कुस्ती युवा ऑलिंपिकला? हे आमच्या तालमीत आजच सांगतो.

लेखाजोखा

युवा ऑलिंपिकचं मान्य. ते वेळेवर होणार असेल आणि खेळ ठरलेला असेल, तर तिथे पाठवायला माझी हरकत नाही. माझा विरोध चार खेळांत नावं देऊन पथक फुगवायला आहे. एक खेळ धरा, एकच बेट निवडा, पाच वर्षं एकच प्रशिक्षक ठेवा. मग ती मुलं सान्याला जावोत की डकारला, माझी तक्रार नाही.

दक्षिणवारा

एकच बेट कसं निवडणार, सर? बाकीच्या बेटांवरच्या मुलींना काय सांगणार? मी ज्या शाळेत होते तिथून मालेला जायला रात्रभर बोटीत बसावं लागायचं. आधी तिथे जाळी आणि चेंडू पोचू देत. बीच गेम्सचं पथक निवडताना निवड चाचणी अतोलअतोलमध्ये, म्हणजे बेटांच्या प्रत्येक समूहात घ्यावी लागली, तर निदान त्या निमित्ताने कुणीतरी तिथवर येईल.