‘रेमिनिसन्स’ला मराठीत काय म्हणावं? आणि ‘स्पिरिच्युअल केअर’ला?

मूळ प्रश्न

डिमेन्शिया झालेल्या माणसांचं घरी करणाऱ्यांसाठी एक छोटी पुस्तिका मराठीत करते आहे. औषधं, झोप, पडणं, गिळायला होणारा त्रास ही प्रकरणं झाली. शेवटच्या दोन प्रकरणांच्या नावांपाशी आठवडाभर अडले आहे. एक ‘रेमिनिसन्स’चं, म्हणजे जुने फोटो, वस्तू, गाणी घेऊन त्या माणसाशी त्याच्या गेलेल्या दिवसांबद्दल बोलत बसणं. दुसरं ‘स्पिरिच्युअल केअर’चं, म्हणजे त्या माणसाच्या मनाला बळ देणाऱ्या गोष्टी सांभाळणं.

मला सुचलेले शब्द: स्मरणोपचार, स्मरणरंजन, आध्यात्मिक काळजी. तिन्ही दाताखाली खड्यासारखे येतात. पुस्तिका वाचणारा माणूस रात्री दोन वाजता जागा असणार आणि थकलेला असणार, एवढं धरून सुचवा. शिवाय आजारालाच ‘स्मृतिभ्रंश’ म्हणावं की ‘डिमेन्शिया’च ठेवावं?

प्रतिसाद १

शेवटच्या प्रश्नापासून सुरू करतो, कारण तो सोपा वाटतो आणि तसा नाही.

‘स्मृतिभ्रंश’ हा शब्द गीतेच्या दुसऱ्या अध्यायात (२.६३) आहे. क्रोधातून संमोह, संमोहातून स्मृतिविभ्रम, स्मृतिभ्रंशातून बुद्धिनाश अशी ती उतरंड आहे. तिथली ‘स्मृती’ म्हणजे काल काय जेवलो याची आठवण नव्हे, भल्याबुऱ्याचं भान. रागाने ते सुटतं, म्हणजे त्यात त्या माणसाचा दोष आहे. आजाराला तोच शब्द लावला की दोषाची ती छटा थोडी चिकटून येते. ‘बुद्धिभ्रंश’ तर आपण राजकारण्यांवर टीका करण्यासाठी वापरून कधीच संपवलाय.

बाजू घ्यायचीच तर अशी घेता येईल, की ‘भ्रंश’ म्हणजे मुळात जागेवरून ढळणं, घसरणं. वैद्यकात गर्भाशयभ्रंश, गुदभ्रंश हे शब्द कुणालाही दोष न देता वापरतात. लॅटिन ‘डिमेन्शिया’तही ‘मनापासून सुटलेलं’ असाच अर्थ आहे. तेव्हा आपलं काही बिघडलं आणि त्यांचं बरं, असं नाही.

मात्र ‘साठी बुद्धी नाठी’ आणि ‘म्हातारचळ’ हे दोन्ही पुस्तिकेत कुठेही येऊ देऊ नका, गमतीतसुद्धा. ‘चळ’ लागलेल्या माणसाला लोक दटावतात, त्याला डॉक्टरकडे नेत नाहीत.

प्रतिसाद २

वैद्यकातला आहे, थोडक्यात लिहितो. ‘स्मृतिभ्रंश’ची खरी अडचण वेगळी आहे. डिमेन्शिया नेहमी विसरण्यापासून सुरू होत नाही. मेंदूच्या पुढच्या आणि बाजूच्या भागांना होणाऱ्या प्रकारात आधी स्वभाव बदलतो किंवा शब्द हरवतात, आठवण बरेच दिवस शाबूत असते. ल्युई बॉडी, म्हणजे मेंदूच्या पेशींत साठणाऱ्या प्रथिनाच्या गुठळ्या, त्यांच्या प्रकारात समोर नसलेली माणसं दिसतात. अशा घरात ‘स्मृतिभ्रंश’ म्हटलं की नातेवाईक म्हणतात, ‘पण यांना तर सगळं आठवतं!’ आणि तपासणी लांबते. अल्झायमर हा डिमेन्शियाचा सगळ्यात मोठा प्रकार, साधारण ६० ते ७० टक्के. उरलेल्यांसाठी तरी ‘डिमेन्शिया’च ठेवा.

नाव बदलण्याने फरक पडतो, हेही सांगतो. जपानी भाषेत या आजाराला ‘चिहो’ म्हणत, त्यात मूढपणाचा अर्थ होता. २००४ मध्ये तिथल्या सरकारने तो बदलून ‘निन्चिशो’ केला, म्हणजे जवळपास ‘आकलनविकार’. अमेरिकी मनोविकारतज्ज्ञांच्या वर्गीकरणानेही २०१३ मध्ये मुख्य नाव बदललं, पण ते इतकं लांब आहे की घरात कुणी उच्चारणार नाही.

प्रतिसाद १

मान्य. आणि जाता जाता ‘डिमेन्शियाग्रस्त’ही गाळा. ‘ग्रस्’ म्हणजे गिळणं. ग्रहणात सूर्य ‘ग्रासला’ जातो तोच धातू. पूरग्रस्त, कर्जग्रस्त म्हणताना आपल्याला ते जाणवत नाही, पण समोर बसलेल्या, आपल्याकडे बघून हसणाऱ्या माणसाला आपण ‘गिळला गेलेला’ म्हणतो आहोत.

मूळ प्रश्नकर्ती

मग ‘डिमेन्शियासह जगणारी व्यक्ती’?

प्रतिसाद १

नको. ‘सह’ म्हटलं की सहकुटुंब आल्यासारखं वाटतं. मराठीत आजार माणसाला ‘होतो’, इतकं साधं आहे. तुम्ही स्वतः पहिल्या ओळीत ‘डिमेन्शिया झालेल्या माणसांचं’ असंच लिहिलंय. तेच ठेवा.

प्रतिसाद ३

मी परिचारिका आहे, वृद्धांच्या निवासात बरीच वर्षं काम करते. ‘रेमिनिसन्स’बद्दल लिहिते.

‘स्मरणोपचार’ नको. उपचार म्हटलं की नातेवाईक विचारतात, ‘किती दिवसांत फरक पडेल?’ आणि फरक म्हणजे त्यांना सुनेचं नाव आठवायला हवं असतं. ‘स्मरणरंजन’ही नको. तो शब्द आपण ‘आमच्या वेळी असं नव्हतं’ करत रमणाऱ्याला लावतो, थोडा हिणवण्यासाठीच. शिवाय सगळ्या आठवणी रंजन करत नाहीत. लहानपणी गेलेला भाऊ वर येतो, एखादा अपमान वर येतो.

आम्ही आपसात काय म्हणतो सांगू? ‘आज दुपारी आजींबरोबर आठवणी काढत बसले होते.’ बस. याच्यापलीकडे शब्द लागलेलाच नाही.

प्रतिसाद १

अहो, हे फार मोलाचं आहे! ‘आठवण’बरोबर मराठीत किती क्रियापदं चालतात आणि प्रत्येकाने अर्थ कसा फिरतो ते पाहा. आठवण *येते*, म्हणजे कुणीतरी दूर आहे आणि जीव ओढला जातो. आठवण *होते* ती एखाद्या वासाने, सुराने, आपल्या हातात नसलेली. आठवण *ठेवायची* म्हणजे जबाबदारी. आठवण *करून द्यायची* म्हणजे समोरचा विसरलाय हे आधीच ठरलं. आणि आठवण *काढायची* ती बहुधा चारचौघांत, ‘काल तुझी आठवण काढली होती आम्ही’. यात चूक-बरोबर नाही, गुण नाहीत, आणि एकाला आठवलं नाही तरी दुसरा पुढे नेतो. पाच क्रियापदांतलं हे एकच तुमच्या प्रकरणाला चालेल. घरचे लोक नेमकं चौथं करत असतात, नाही का?

प्रतिसाद ३

अगदी तेच. ‘आठवतंय का?’ हा आमच्याकडे सगळ्यात जास्त ऐकू येणारा प्रश्न आणि सगळ्यात जास्त दुखावणारा. ‘मी कोण, सांग बरं?’ हा त्याचा सख्खा भाऊ.

आमच्याकडे एक आजोबा होते, सारी हयात शिवणकामात गेलेली. मुलगा भेटायला आला की विचारायचा, ‘बाबा, तुम्ही काय काम करायचात, आठवतंय का?’ आजोबा ओशाळून गुडघ्यांकडे बघायचे. एके दिवशी मी गप्प राहून त्यांच्या हातात एक कापडाचा तुकडा दिला. अंगठा आणि तर्जनीत धरून त्यांनी तो चोळला, उजेडाकडे धरला, काठ पाहिला, आणि मला म्हणाले, ‘उलटी बाजू वर आहे.’ होतीच. मग पंधरा मिनिटं बोलत होते, अर्धं मला कळलं नाही. मुलाचं नाव त्या दिवशीही आठवलं नाही. पण जाताना त्यांनी मुलाच्या सदऱ्याची कॉलर सरळ केली.

प्रतिसाद २

यामागचं कारण देतो. हाताला बसलेली कौशल्यं आणि घडलेल्या प्रसंगांच्या आठवणी मेंदू वेगवेगळ्या यंत्रणांनी सांभाळतो. अल्झायमरमध्ये प्रसंगांची यंत्रणा लवकर ढासळते, हाताची बराच काळ टिकते. नवं आधी जातं आणि जुनं उशिरा, हे निरीक्षण फ्रेंच मानसशास्त्रज्ञ रिबो यांनी १८८१ मध्येच मांडलं होतं. आणि कुठल्याही वृद्धाला विचारलं तर साधारण १० ते ३० या वयातल्या आठवणी जास्त दाटीने वर येतात. म्हणून वस्तू निवडायच्या त्या त्याच्या तरुणपणातल्या, तुमच्या लहानपणातल्या नव्हेत. घरचे लोक इथे हटकून चुकतात.

एक सावधगिरी. आठवणी काढण्याच्या या पद्धतीवरच्या २२ चाचण्यांचा आढावा २०१८ मध्ये प्रसिद्ध झाला. फायदा दिसला, पण लहान आणि सगळीकडे सारखा नाही. ‘उपचार’ शब्द नको यात मीही आहे.

प्रतिसाद ४

‘आठवणींना उजाळा’ का नको? रूढ आहे, छान आहे.

प्रतिसाद १

छान आहे, पण सभेच्या निमंत्रणपत्रिकेतला आहे. आणि त्याची बहीण ‘उजळणी’ लगेच दारात येते. पाढ्यांची उजळणी म्हणजे पुन्हा परीक्षाच.

आणखी एक शब्द बाजूला काढून ठेवतो, ‘सिंहावलोकन’. चालता चालता सिंह मागे वळून बघतो तसं आयुष्याकडे बघणं. अमेरिकी वृद्धरोगतज्ज्ञ रॉबर्ट बटलर यांनी १९६३ मध्ये ‘लाइफ रिव्ह्यू’ची कल्पना मांडली, तिला हा शब्द चपखल बसतो. तोवर म्हाताऱ्यांचं जुनं उगाळणं हे डोकं मंद झाल्याचं लक्षण समजलं जाई. बटलर म्हणाले, आयुष्याचा हिशेब लावण्याची ती स्वाभाविक धडपड आहे. पण सिंहावलोकनाला क्रम लागतो, पश्चात्ताप, निवाडा लागतो. आजाराच्या सुरुवातीला ते जमेल. पुढे आठवणीच काढाव्यात, सिंहाला सोडून द्यावं.

मूळ प्रश्नकर्ती

पहिलं प्रकरण सुटलं: ‘आठवणी काढताना’. आता दुसरं. ‘आध्यात्मिक काळजी’ वाचून माझी बहीण म्हणाली, ‘म्हणजे मोक्षाची चिंता?’

प्रतिसाद १

बहीण हुशार आहे. ‘काळजी’ मराठीत दोन टोकांना उभी असते, काळजी *घेणं* आणि काळजी *करणं*. क्रियापद काढून नुसतं नाम ठेवलं की चिंताच आधी ऐकू येते. ‘समुपदेशन’ही कुणी सुचवेल. त्यात ‘उपदेश’ बसलेला आहे, आणि ज्याला वाक्याची सुरुवात शेवटापर्यंत टिकवता येत नाही त्याला कसला उपदेश?

मी ‘शुश्रूषा’ सुचवेन. हल्ली तो जखमेवरच्या पट्टीपुरता उरलाय, पण धातू ‘श्रु’ आहे. शुश्रूषा म्हणजे मुळात ऐकण्याची इच्छा. गुरूचं ऐकायला बसणारा त्याची सेवाही करी, म्हणून पुढे सेवा हा अर्थ आला.

प्रतिसाद ४

शब्द सुंदर, पण माझा आक्षेप ‘आध्यात्मिक’लाच आहे. माझे वडील आयुष्यभर नास्तिक होते. आता त्यांना बोलता येत नाही म्हणून कुणी त्यांच्या कानाशी प्रार्थना म्हणणार असेल तर ती त्यांची काळजी नव्हे, त्यांच्यावर कुरघोडी आहे.

प्रतिसाद ३

तुमचं बरोबर आहे आणि चांगल्या ठिकाणी हेच शिकवतात. आधी माहिती काढायची, या माणसाला कशाने बळ यायचं? कुणाला प्रार्थनेने, कुणाला झाडांत हात घालून, कुणाला संध्याकाळी रेडिओ लावून. जो आयुष्यभर रोज प्रार्थना म्हणत आला त्याला मात्र ती मिळाली पाहिजे. स्वतःचं नाव न सांगू शकणारी माणसं लहानपणी पाठ झालेली प्रार्थना आपल्याबरोबर शेवटपर्यंत म्हणताना मी पाहिलीत. आणि जो कधीच म्हणत नव्हता त्याच्या शेजारी गप्प बसायचं. ब्रिटिश मानसशास्त्रज्ञ टॉम किटवुड यांनी १९९७ मध्ये या माणसांच्या गरजा मांडल्या: दिलासा, जवळीक, सामावून घेतलं जाणं, हाताला काम, आपण कोण ही ओळख, आणि या सगळ्यांच्या मध्यभागी प्रेम. यात देव आहे असंही नाही, नाही असंही नाही.

मूळ प्रश्नकर्ती

इथे माझं सांगते. आई रोज संध्याकाळी पिशवी भरते आणि म्हणते, ‘घरी जायचंय.’ चाळीस वर्षं राहतोय त्या घरात उभी राहून. पिशवीत रुमाल, कंगवा, रिमोट. मी पहिले सहा महिने ‘अगं, हेच तर घर’ म्हणून भांडले. मग दमून एकदा विचारलं, ‘घरी कोण आहे गं?’ म्हणाली, ‘आई वाट बघत असेल.’ मी म्हटलं, ‘कशी होती तुझी आई?’ पिशवी मांडीवर घेऊन बसली, अर्धा तास बोलली. त्यातला बराचसा भाग मी कधी ऐकला नव्हता.

तर ‘घर’ या शब्दाचा अर्थ पुस्तिकेत द्यावा का, हाही प्रश्न आहे.

प्रतिसाद ३

द्याच. आमच्याकडे संध्याकाळी निम्मी माणसं घरी जायला निघालेली असतात. त्यांना पत्ता नको असतो. कुणीतरी आपलं आहे, आपण कुठेतरी हवे आहोत, एवढं म्हणायचं असतं. आणि ‘तुमची आई वारली’ असं सांगू नका. ती बातमी त्यांना दर वेळी नवी असते.

माझ्याकडून दुसऱ्या प्रकरणाला एक साधा शब्द, ‘सोबत’. पूर्वी कुणाला एकटं झोपायला लागू नये म्हणून ‘सोबतीला’ माणूस जायचा. त्याने काही करायचं नसे, असायचं.

प्रतिसाद ४

‘सोबत’ला माझी हरकत नाही. वडिलांनाही नसती.

प्रतिसाद १

मीही शुश्रूषा मागे घेतो. फक्त ऐकण्याचा तो अर्थ आत कुठेतरी एका ओळीत येऊ द्या.

मूळ प्रश्नकर्ती

येईल. प्रकरण ८: आठवणी काढताना. प्रकरण ९: सोबत. ‘घरी जायचंय’ कुठे टाकू, आठमध्ये की नवात? आई आत्ता पिशवी घेऊन उभी आहे, तासाभराने वाचते.