अनुभव धागा: मेंढरं, वाडा आणि तळाची जागा

परवा दिवे घाटात अर्धा तास अडकलो. पुढं मेंढरांचा कळप, मागं हॉर्नवर हॉर्न. मेंढक्या पोरगा शांत, आमचीच चिडचिड. 2026 हे युनोनं कुरणं आणि पशुपालकांचं वर्ष ठरवलंय म्हणे, त्या निमित्तानं ज्यांचा वाड्याशी, म्हणजे मेंढरं घेऊन फिरणाऱ्या मेंढपाळ कुटुंबांच्या तांड्याशी, कधी संबंध आलाय त्यांनी लिहा. 'किती साधी माणसं' टाइप निबंध नको प्लीज.

बारामतीचा नातू
आजोबांचा वाडा दिवाळी झाली की निघायचा, सुट्टीत मीपण जायचो. घोड्यावर बिऱ्हाड, त्यावर कोंबड्या, नुकती जन्मलेली कोकरं झोळीत, आणि वरंध घाटानं खाली कोकणात. तिथं भात निघालेल्या खाचरात मेंढरं बसवायची, लेंड्यांचं खत शेतकऱ्याला, आम्हाला त्याबदल्यात भात. लोकांना मेंढपाळ म्हटलं की काठीवाला गडी दिसतो, पण तळावर, म्हणजे मुक्कामाच्या जागी, वाघर (मेंढरांभोवतीची जाळी) लावणं, चूल, पाणी, कोकरं पाजणं हे सगळं आजी आणि चुलत्या बघायच्या. चुलता अजून जातो. मात्र जुन्या तळांवर आता प्लॉटिंग, तारेचं कंपाउंड, यंदा दोन रात्री त्यांनी रस्त्याच्या कडेलाच काढल्या.

पुरंदरकर शेतकरी
आम्ही दुसऱ्या बाजूचे. पेरणीआधी रानात मेंढ्या बसवतो, रात्रीवर पैसे ठरवून. ज्वारीत फरक दिसतो, सांगावं लागत नाही. गेल्या साली फोन करायला उशीर केला तर वाड्याचा कारभारी (म्होरक्या) म्हणाला, "दादा, बुकिंग फुल हाय!"

गुरांचा डॉक्टर
आंत्रविषाराची (मेंढरांच्या आतड्याचा जीवघेणा रोग) लस पावसाआधी टोचायची असते आणि नेमका तेव्हा वाडा वाटेवर असतो. दवाखाने गावाला बांधलेले, मेंढरं चालती, मग मीच एकदा रात्री बॅटरी घेऊन तळावर गेलो. दोनशेच्या वर मेंढरं, कारभारी तोंडावरून ओळखत होता, कुठली टोचायची राहिली ते मला अंधारात सांगत होता. नारी सुवर्णा ही फलटणच्या संस्थेनं तयार केलेली जुळी देणारी जात, बंदिस्त पाळणाऱ्याला भारीच, पण मी कौतुक करायला लागलो तर त्याची कारभारीण म्हणाली, "जुळी देती व्हय, मग दुसरं कोकरू घाटात कुणी उचलायचं, तुमी?" गप्प बसलो.

कोथरूडची, मूळ माणची
घोंगडीचं कुणीच लिहीना. दख्खनी मेंढीची लोकर आखूड, राठ, वर्षातून दोनदा कातरायची. आमच्याकडं सनगर (घोंगड्या विणणारा समाज) विणायचे, चिंचोक्याची खळ लावून, पावसात अंगावर घेतली तर आत थेंब येत नसे. आता कातरणाऱ्याची मजुरी निघत नाही, मामानं दोन पोती लोकर ओढ्याकाठी टाकून दिली. आणि इकडं एका प्रदर्शनात घोंगडीची लॅपटॉप बॅग 2200 रुपये! लोकर कुठली विचारलं तर म्हणे इम्पोर्टेड मिक्स.

सासवडचा
आमच्या माळावर लांडगा आहे अजून. आजा त्याला शिव्या घालायचा नाही, एखादं कोकरू नेलं की म्हणायचा वाटा घेऊन गेला. हल्ली जास्त नुकसान भटक्या कुत्र्यांचं होतंय, ती कळपानं येतात आणि खात नाहीत, नुसती फाडून टाकतात.

धागाकर्ता
पुरंदरकर, त्या कारभाऱ्यांना विचाराल का प्लीज, भोरला आमचं दोन एकर रान पडीक आहे, कंपाउंड नाही. तळासाठी चालेल का? पाणी आहे, पण विहिरीला कठडा नाही, तेवढं कोकरांचं सांभाळावं लागेल.